करमणुकीचा धनी कोण?

माझ्या लहानपणी गावच्या जत्रेत तंबूतील चित्रपट येई. पोरेथोरे सतरंज्या काखोटीला मारून निघत. मध्येच रीळ तुटले, की सारा तंबू एका आवाजात ओरडे. ते जोडले गेले, की सारा तंबू एकदम हसे. आता रिळे गेली. चित्र व आवाज आकड्यांच्या रूपात साठविता येऊ लागले आणि तंबूत न मावणारी करमणूक तळहातावर मावू लागली.

हे वाईट झाले, असे म्हणणाऱ्यांपैकी मी नाही. 'राजा हरिश्चंद्र' हा चित्रपट १९१३ साली पडद्यावर आला. तो काढण्यापूर्वी दादासाहेब फाळके यांनी वाटाण्याच्या रोपाची वाढ एकेक चित्र टिपून दाखविली, तेव्हा कोठे भांडवल देणाऱ्याचा विश्वास बसला. तरीही सरस्वतीबाईंचे दागिने गहाण पडले. फिल्मला भोके पाडण्याचे कामही त्या माउलीने स्वतः केले. आज तशी वाढ तुमच्यापैकी कोणीही घरच्या मोबाईलवर टिपू शकेल. ही केवढी सोय!

मग माझी तक्रार कशाबद्दल? तंबूतील खेळ संपला, की दिवे लागत आणि माणसे घरी परतत. मोबाईलवरील खेळाला मात्र शेवटच नाही. एक चित्रफीत संपते न संपते, तोच दुसरी आपणहून सुरू होते. आपण काय पाहिले, कोठे रेंगाळलो, याची नोंद यंत्र ठेवते व त्याच मासल्याचे पुढे वाढते. कारण उघड आहे. आपण जितका अधिक वेळ पाहू, तितक्या अधिक जाहिराती आपल्यापुढे मांडता येतात. करमणूक फुकट मिळाली असे आपल्याला वाटते. पण तिचे मोल आपण आपल्या वेळाने चुकते करीत असतो.

"मग मोबाईल टाकूनच द्यावा काय?" असे तुम्ही विचाराल. मुळीच नाही. विळीने बोट कापते, म्हणून कोणी भाजी चिरणे सोडीत नाही. बसण्यापूर्वी काय पाहावयाचे ते ठरवावे आणि ते संपताच उठावे. चांगले असेल ते घरच्यांच्या संगतीने पाहावे. कधी एखादे बी कुंडीत पेरून त्याची वाढ आपणच टिपावी. पाहण्यापेक्षा करण्यातला आनंद किती मोठा असतो, ते तेव्हा कळेल.

तंबूत खेळ संपल्यावर दिवे दुसरा कोणी लावी. मुलांनो, आता ते आपले आपणच लावावयाचे आहेत.