होहोबा परसात लावा, पोटाच्या रानात नको

कपाशीचा खर्च निघत नाही, ज्वारीचा कडबाच काय तो पदरात पडतो. मग वाळवंटातला होहोबा लावून पाहावा का, असे साखऱ्याच्या कोरडवाहू शेतकऱ्याने विचारले तर त्याला वेड्यात काढण्याचे कारण नाही. शेतकऱ्याने नवे पीक करूच नये, असे म्हणणाऱ्यांतले आम्ही नव्हे. पण नव्या पिकाचा हिशेबही जुन्याइतकाच कडक मांडला पाहिजे.

होहोबा, काहीजण जोजोबा म्हणतात, हे अमेरिका-मेक्सिकोच्या सोनोरा वाळवंटातले सदाहरित झुडूप. पाने जाड, मुळे खोल. बियांत निम्म्याच्या आसपास तेल, खरे तर पातळ मेणच. अमेरिकेने १९७० साली स्पर्म देवमाशाच्या तेलाची आयात बंद केली, तेव्हा वंगणासाठी या झुडपाकडे लक्ष गेले. आज त्याचे मुख्य गिऱ्हाईक सौंदर्यप्रसाधनांचे कारखाने. जोधपूरच्या काझरी संस्थेने १९६५ साली इस्रायलहून बी आणले. १९९५ पासून राजस्थान सरकारने इस्रायलच्याच मदतीने फतेहपूर आणि ढंड येथे लागवडी केल्या. झाड खरे आहे.

थाप सुरू होते ती रोपे विकणाऱ्याच्या तोंडून. पाणी नको, खत नको, राखण नको! तो सांगत नाही ते असे, की यात नर आणि मादी झाडे वेगळी. बियांपासून शंभर रोपे केली तर निम्मी नर निघतात, आणि ते कळते फुलावर आल्यावर, तीन-चार वर्षांनी. परागीकरणाला दहा मादींमागे एखाद-दुसरा नर पुरतो, बाकीचे उपटायचे. पैसे मात्र सगळ्यांचे मोजलेले. फाटे कलमाची, मादी-नर खात्रीची रोपे असतील तरच बोलणी करावी. भरघोस बी यायला आणखी काही वर्षे जातात, तोवर सोसायटीचे व्याज कोणासाठी थांबत नाही.

दुसरे, याला रेताड, निचऱ्याची जमीन लागते. आमच्या काळ्या रानात श्रावणात पाणी तुंबले की मुळे कुजतात. बरडावर, मुरमाड बांधावर जगेल. तेल माणसाला पचत नाही आणि पेंड तशीच जनावरांना घालता येत नाही. म्हणजे भाव पडला तर घरात खायला उपयोग शून्य; ज्वारी निदान भाकरी देते. पाला मात्र शेळ्या आवडीने खातात, तेव्हा राखण नको हेही खोटेच.

मोगली एरंडाचे आठवा. २००३ साली नियोजन मंडळाच्या समितीने त्याच्या डिझेलची योजना मांडली, पडीक जमिनींचे सोने होणार म्हणून गाजावाजा झाला. उत्पन्न आले नाही. त्याआधी १९९०च्या दशकात सागवान लागवडीच्या कंपन्यांनी शहरी गुंतवणूकदारांचेच पैसे बुडवले आणि १९९९ साली सेबीला नियम करावे लागले.

शरद जोशींनी चतुरंग शेतीत सीताशेती सांगितली होती: घरच्या लक्ष्मीच्या हाती थोडी जमीन, कमी खर्च. होहोबाची जागा तिथे. परसात, न्हाणीच्या ओलीपासून दूर, उन्हात चार-सहा रोपे लावा. पहिली दोन उन्हाळे घागरभर पाणी द्या. थंडीत कळ्या धरतात का, आपल्याकडची थंडी पुरते का, ते घरचेच माणूस पाहील.

आणि एकरभर लावा म्हणून जो येईल, त्याला विचारा की बी कोण घेणार, काय भावाने, आणि ते स्टँपपेपरवर लिहून देणार का? देत असेल, तर तो कागद जिल्हा बैठकीत घेऊन या. आपण सगळे मिळून वाचू.