राष्ट्राचे पाय, बाईचे पाय

जर्मनीच्या आलिस आणि एलेन केसलर या जुळ्या बहिणींनी १७ नोव्हेंबर २०२५ रोजी, वयाच्या ८९व्या वर्षी, एकाच दिवशी स्वेच्छामरण स्वीकारलं. त्यांच्याविषयी जे जे वाचलं, त्यात फिरून फिरून एकच विषय – त्यांचे पाय!

१९६१ साली इटलीच्या सरकारी दूरचित्रवाणीवर ‘स्टुडिओ उनो’ या करमणुकीच्या कार्यक्रमात या दोघी नाचू लागल्या. सारखा बांधा, सारखे कपडे, सारखी पावलं. मी ती जुनी चित्रफीत पाहिली. आलिस कुठली, एलेन कुठली, सांगता येईना. ते सांगता येऊ नये, यातच तर प्रेक्षकांना गंमत वाटत होती. बाईचं वेगळं माणूसपण पुसलं गेलं की टाळ्या!

त्या दूरचित्रवाणीवर सोवळेपणाचा कडक पहारा होता. म्हणून या बहिणींना जाड काळे पायमोजे घालायला लावले. पाय झाकायचे आणि नाचवायचेही. म्हणजे नीतीही सांभाळली, प्रेक्षकही! पुढे त्याच पायांना ‘राष्ट्राचे पाय’ अशी पदवी मिळाली.

हे वाचताना मला आमचे डांबराचे डबे आठवले. अश्लील पोस्टरं दिसली की आम्ही डांबर फासत असू. आमचा राग खरा होता, आजही आहे. पण डांबर कुणावर पडलं? चित्रातल्या बाईवर. तिथे काळे मोजे, इथे काळं डांबर. हेतू निराळे, पण झाकली गेली ती बाईच. पाहणारी नजर आणि पैसे मोजणारा हात, दोन्ही मोकळे राहिले.

आणि त्या बहिणी? घरात दारुडा, हिंसक बाप पाहिलेल्या. १९५२ साली, सोळाव्या वर्षी, पूर्व जर्मनीतून पश्चिमेत आल्या. पुरुषावर अवलंबून राहायचं नाही, असं ठरवून दोघीही अविवाहित राहिल्या. ज्या पायांवर पहारे बसले, त्याच पायांवर त्या आयुष्यभर उभ्या राहिल्या.

तेव्हा पुढच्या वेळी निषेधाचं पत्रक लिहाल, तेव्हा ‘बाईला झाका’ अशी मागणी करू नका. तिला मेहनताना किती मिळाला, नफा कुणी नेला, नाही म्हणायची मुभा तिला होती का, हे विचारा. डबा मीही खाली ठेवला आहे. प्रश्न मात्र आता मालकाच्या दारात जाऊन विचारायचे आहेत.