कमी देण्याचा अधिकार आपल्याला नाही

रॉजर स्क्रूटन यांचे नाव आपल्या शिक्षक-प्रशिक्षणात सहसा निघत नाही. हे ब्रिटिश तत्त्वज्ञ उघडपणे परंपरावादी होते, आणि आपली शिक्षणचर्चा बहुतांशी त्यांच्या विरुद्ध बाजूला उभी आहे. तरीही हे संपादकीय त्यांच्यावर लिहीत आहोत, कारण वर्गात उभ्या राहणाऱ्या कोणालाही टाळता येणार नाही असा एक प्रश्न त्यांनी विचारून ठेवला आहे.

स्क्रूटन यांचा जन्म १९४४ चा. वडील शिक्षक आणि पक्के मजूरपक्षीय. मुलगा ग्रामर स्कूलमधून केंब्रिजला पोहोचला. मे १९६८ मध्ये पॅरिसमधले विद्यार्थ्यांचे बंड जवळून पाहताना आपण यांच्या बाजूचे नाही, हे त्याला उमगले. पुढे १९७१ पासून दोन दशके त्यांनी लंडनच्या बर्कबेक कॉलेजात तत्त्वज्ञान शिकवले. दिवसभर नोकरी करून संध्याकाळी तासाला येणाऱ्यांचे हे कॉलेज. १९८२ मध्ये त्यांनी ‘सॅलिसबरी रिव्ह्यू’ या नियतकालिकाचे संपादकपद घेतले आणि शिक्षण व संस्कृतीवरचे एक वादग्रस्त भाष्यकार म्हणून ते ओळखले जाऊ लागले.

त्यांच्या कारकिर्दीतले शिक्षकांनी मुद्दाम वाचावे असे प्रकरण प्रागचे आहे. चेकोस्लोव्हाकियात सरकारला न रुचणारी मते असलेल्यांना विद्यापीठाची दारे बंद होती, त्यांच्या मुलांनाही. तत्त्वज्ञ यूलियस टॉमिन यांनी आपल्या घरातच वर्ग सुरू केला आणि ऑक्सफर्डच्या अध्यापकांना शिकवायला बोलावले. १९७९ मध्ये स्क्रूटन तिथे गेले. घरावर पोलिसांची पाळत, तरी खोली भरलेली. १९८० मध्ये याच घरात ॲरिस्टॉटल शिकवताना बॅलिओल कॉलेजचे प्रमुख अँथनी केनी यांना पोलिसांनी पकडून नेले. त्याच वर्षी या कामासाठी ‘यान हुस’ शैक्षणिक प्रतिष्ठान उभे राहिले. त्याच्या फ्रेंच शाखेतर्फे गेलेले तत्त्वज्ञ जाक देरिदा १९८१ मध्ये अमली पदार्थांच्या बनावट आरोपाखाली अटकेत पडले. देरिदा आणि स्क्रूटन यांचे वैचारिक गोत्र अगदी वेगळे, पण कामात दोघे एकाच बाजूला होते. १९८५ मध्ये ब्रनो शहरात स्क्रूटन यांना ताब्यात घेऊन देशाबाहेर काढण्यात आले.

त्या खोलीत जमणाऱ्यांना पदवी मिळणार नव्हती, बढती तर नाहीच. ‘याचा आम्हाला काय उपयोग’ असे विचारणारे तिथे कोणी नव्हते. पुढे २००७ मध्ये ‘कल्चर काउंट्स’ या पुस्तकात स्क्रूटन यांनी जे मांडले, त्याचा पुरावा त्या खोलीत सापडतो. त्यांचे म्हणणे असे, की ज्ञान विद्यार्थ्याच्या फायद्यासाठी आहे असे आपण समजतो, पण खरा शिक्षक उलट बाजूनेही पाहतो. ज्ञान टिकायचे तर ते कोणाच्या तरी डोक्यात आणि मनात उतरले पाहिजे, आणि ते उतरवण्याची जागा म्हणजे समोरचा विद्यार्थी. शिक्षकानेच हात आखडता घेतला, तर पिढ्यांनी कमावलेले कोण सांभाळणार? त्यांचा प्रश्न हा.

स्क्रूटन यांच्या चुका झाकून हा प्रश्न घेऊ नये. ब्रॅडफर्डमधले मुख्याध्यापक रे हनीफर्ड यांचा लेख त्यांनी १९८४ मध्ये छापला. शाळेतली बहुसंख्य मुले आशियाई कुटुंबांतली होती, आणि लेखातली भाषा त्या कुटुंबांचा अपमान करणारी होती. पालक रस्त्यावर उतरले, हनीफर्ड यांना मुदतीआधी निवृत्त व्हावे लागले. मुलांना इंग्रजी नीट आले पाहिजे हा मुद्दा रास्त असेल, पण ज्यांची मुले शिकवायची त्यांना कमी लेखून शाळा चालत नाही. २००२ मध्ये उघड झाले, की तंबाखूच्या बाजूने लिहिणारे स्क्रूटन एका तंबाखू कंपनीकडून दरमहा मानधन घेत होते आणि वाचकांना ते सांगितलेले नव्हते. मूल्यांवर बोलणाऱ्याला हे शोभत नाही.

त्यांच्या मांडणीतली मोठी उणीव मात्र आपल्याला इथूनच दिसते. वारसा जपा म्हणताना तो आजवर कोणापासून लपवून ठेवला होता, हेही विचारावे लागते. जोतीराव आणि सावित्रीबाईंनी १८४८ मध्ये पुण्यात भिडेवाड्यात मुलींची शाळा काढली, ती हाच प्रश्न विचारून. पण दार उघडल्यावर आत काय द्यायचे? इथे स्क्रूटन यांचे म्हणणे फुल्यांच्या कामाला पूरक ठरते. ज्ञानरचनावादाने मुलाला बोलते केले, ही मोठी कमाई आहे. मात्र ‘मुलांच्या अनुभवविश्वातले’ हे शब्द पुढे करून आपण कठीण ते वगळू लागलो आहोत. ज्ञानेश्वरीतल्या ओव्यांचा पाठ आला, की सरळ अर्थ सांगायचा, गाइडमधला भावार्थ उतरवून घ्यायचा आणि अध्ययन निष्पत्तीच्या रकान्यात खूण करायची. ओवी वर्गात मोठ्याने म्हटलीच जात नाही. घरी पुस्तके असलेल्या मुलाला ती कधीतरी भेटेल. ज्याच्या घरी पुस्तक नाही, त्याला ती भेटण्याची जागा वर्गच आहे. तिथे ती गाळली, तर त्याच्यापुरती ती संपली.

म्हणून आमचे सांगणे स्पष्ट आहे. मुलाच्या ओळखीच्या जगातून सुरुवात जरूर करा, पण तिथेच थांबू नका. पुढच्या महिन्याचे पाठ टाचण लिहिताना, अवघड म्हणून सोडून दिलेली एक कविता, एक सिद्धता किंवा इतिहासातले एक अस्सल पत्र त्यात परत आणा आणि ते पूर्ण शिकवा. मुलांना किती झेपले आणि कुठे अडले, ते आम्हाला लिहून कळवा. निवडक अनुभव आम्ही छापू.