पुडीत आधीच काय होते?

सुरतेच्या महिधरपुऱ्यातील हिऱ्यांचा बाजार आपल्यापैकी काहींनी पाहिला असेल. मोठमोठ्या किमतीचा माल तेथे कागदाच्या लहानशा पुडीत घडी घालून हातोहाती फिरत असतो, आणि आंगडिये तो मुंबईस पोहोचवितात. त्या पुडीचाच दृष्टांत घेऊन आज आम्ही एक कठीण विषय वाचकांपुढे ठेवीत आहोत. जगात जे अनिश्चित दिसते, ते केवळ आपल्या अज्ञानामुळे तसे दिसते, की ते मुळातच अनिश्चित आहे?

समजा, एका व्यापाऱ्याने एकाच रंगाचे दोन हिरे दोन पुड्यांत बांधले. एक पुडी सुरतेत ठेविली, दुसरी मुंबईस धाडिली. सुरतेत पिवळा हिरा निघाला की मुंबईतही पिवळाच आहे हे तत्क्षणी कळते. यात नवल कसले? रंग पुडीत आधीच होता. आपणांस ठाऊक नव्हता, इतकेच. जोडीने निर्माण झालेल्या सूक्ष्म कणांचेही असेच असले पाहिजे, असे आइन्स्टाइन मानीत. क्वांटमशास्त्र कणांविषयी केवळ संभव सांगते, आधी ठरलेले उत्तर सांगत नाही. म्हणून ते अपुरे आहे, असा आक्षेप त्यांनी पोडोल्स्की व रोझेन यांच्यासह १९३५ साली मांडला. पुडीतील या न दिसणाऱ्या मजकुरास शास्त्रज्ञ गुप्त चलराशी म्हणतात. आक्षेप मोठा समंजस होता, हे कबूल केले पाहिजे.

जवळजवळ तीस वर्षे हा वाद शब्दांचाच राहिला. १९६४ साली बेलफास्टचे जॉन बेल यांनी दाखवून दिले की, याचा निकाल मोजदाद करून लावता येतो. त्यांची युक्ती सोप्या रूपात अशी सांगता येईल. प्रत्येक पुडीला तीनपैकी कोणताही एकच प्रश्न विचारावयाचा. उत्तर 'होय' किंवा 'नाही'. दोन्ही गावी एकच प्रश्न विचारला तर उत्तरे नेहमी जुळतात. कोणता प्रश्न येणार हे पुडीला आधी ठाऊक नसते. तेव्हा दोन्ही पुड्यांत तिन्ही उत्तरांची एकसारखी चिठ्ठी असलीच पाहिजे. आता उत्तरे तीन आणि प्रकार दोनच. म्हणजे निदान दोन उत्तरे सारखी असणारच. वाचकांनी हवी तशी चिठ्ठी लिहून पाहावी. दोन गावी निरनिराळे प्रश्न विचारीत गेलो, तर तीन वेळांतून निदान एकदा उत्तरे जुळलीच पाहिजेत. व्यापारी कितीही चतुर असो, यापेक्षा कमी जुळणी त्याला साधता येणार नाही.

परंतु योग्य रीतीने निवडलेल्या प्रकाशकणांच्या जोडीसाठी क्वांटमशास्त्राचा हिशेब सांगतो की, जुळणी चारांतून एकदाच होईल. या धर्तीचे प्रयोग क्लॉसर व फ्रीडमन यांनी १९७२ साली, आणि अ‍ॅस्पे यांनी १९८२ पर्यंत अधिक काटेकोरपणे केले. कौल क्वांटमशास्त्राच्या बाजूने पडला. क्लॉसर, अ‍ॅस्पे व झायलिंगर यांना २०२२ साली नोबेल पारितोषिक मिळाले.

तरीही एक पळवाट उरत होती: एका कणाची खबर दुसऱ्यास चोरून पोहोचत असेल तर? ती बुजविण्याचे काम २०१५ साली हॉलंडमधील डेल्फ्ट येथे चक्क हिऱ्यांनी केले. सुरतेचा पारखी भिंगाखाली दोष शोधतो व भाव उतरवितो. डेल्फ्टच्या शास्त्रज्ञांना मात्र दोषच हवा होता. स्फटिकातील एक कार्बन-अणू गायब आणि शेजारी नायट्रोजनचा अणू, अशा जागी अडकलेल्या इलेक्ट्रॉनला त्यांनी प्रश्न विचारले. दोन हिरे १.३ किलोमीटर अंतरावर होते. तेवढे अंतर तोडावयास प्रकाशाला सेकंदाच्या दहा लाखाव्या भागाच्या चौपटीहून किंचित अधिक वेळ लागतो. त्याच्या आत प्रश्न निवडून उत्तर घेतले जाई. त्यांची मोजण्याची रीत आमच्या चिठ्ठीहून निराळी होती: तीत गुप्त मजकुराची कमाल मर्यादा २, आणि २४५ फेऱ्यांअंती आकडा आला २.४२. विशेष म्हणजे त्या दोन इलेक्ट्रॉनांची कधी गाठही पडली नव्हती. गाठ पडली ती त्यांनी सोडलेल्या प्रकाशकणांची.

यावरून गुप्त मजकूर सर्वथा अशक्य ठरला, असे कोणी समजू नये. डेव्हिड बोम यांनी १९५२ साली असा एक सिद्धान्त रचला होता आणि तो प्रयोगांशी जुळतो. पण त्यात एका गावच्या पुडीवर दूरच्या गावच्या घडामोडीचा तत्काळ परिणाम मानावा लागतो. म्हणजे आइन्स्टाइन यांना जे टाळावयाचे होते, तेच पदरात घ्यावे लागते. ज्या मताचा पाडाव झाला ते असे की, प्रत्येक कण आपली उत्तरे स्वतःपाशी बाळगून असतो व दूरचे काही त्याला शिवत नाही. या जुळणीतून निरोप मात्र धाडता येत नाही. एकेका गावी उत्तरांची यादी नाणे उडविल्यासारखीच दिसते, मेळ कळतो तो दोन्ही याद्या शेजारी ठेविल्यावर. म्हणून 'क्वांटम' हे नाव लावून दूरस्थ उपचाराची कडी नि ताईत विकणारा कोणी दारी आला, तर त्याला खुशाल परत पाठवावे.