मुंबई बांधली कुणी? हिशेब मांडा!



मुंबईचा व्यापार आमच्या भांडवलाने वाढला, तेव्हा मुंबईवर महाराष्ट्राचा हक्क नाही, असा युक्तिवाद १९४८ साली भाषावार प्रांत आयोगापुढे झाला. तो करणाऱ्यांत अर्थशास्त्राचे प्राध्यापकसुद्धा होते! त्याच आयोगाला निवेदन देऊन डॉ. आंबेडकरांनी तो खोडून काढला. आम्ही कळंबचे लोक त्या वेळी हैदराबाद संस्थानात. मुंबई आम्हांला लांबच. पण सवाल आमचाही होता: दौलत पैदा कोण करतो?

ह्या सवालाला शास्त्रात जुना जबाब आहे. ॲडम स्मिथने १७७६ साली सांगितले, राष्ट्राची दौलत तिजोरीतल्या सोन्यात नाही, लोकांच्या वर्षभराच्या श्रमात आहे. रिकार्डोने १८१७ साली मालाचे मोल श्रमावर मोजले. मार्क्सने १८६७ साली पुढचे बोट ठेवले: मजुरीपुरते काम संपल्यावरही साचा चालूच राहतो, अन् नफा तिथूनच निघतो. साच्यावर उभ्या राहिलेल्याला हे पुस्तकातून कळायची गरज आहे का?

आणि हा विचार काय फक्त साहेबाचा? १८८३ सालचा जोतीरावांचा 'शेतकऱ्याचा असूड' काढा. सारा अन् पट्ट्या भरता भरता कुणबी नागवला जातो आणि त्याच पैशावर अंमलदारांचा डामडौल चालतो, हे त्यांनी मराठीत, आपल्या बोलीत लिहिले. अर्थशास्त्राच्या वर्गात मात्र ते क्वचितच निघते. त्यांचेच सहकारी नारायण मेघाजी लोखंडे. १८९० सालची रविवारची सुटी त्यांच्या झगड्याची. कुणी खैरात दिली नाही.

१ मे १९६० ला राज्य मिळाले, मुंबई मिळाली. त्यासाठी छातीवर गोळ्या घेणाऱ्यांत गिरणगाव होते. पण भांडवलवाल्यांचा जुना युक्तिवाद मेला का? १९८२ चा संप झाला, गिरण्या बसल्या. १९९१ च्या नियमाने गिरणीच्या जमिनीचे तीन वाटे ठरले: पालिकेला, घरांसाठी म्हाडाला आणि मालकाला. २००१ साली नियम फिरवला. वाटणी फक्त मोकळ्या जागेपुरती उरली, आणि २००६ साली सर्वोच्च न्यायालयाने ते कायम केले. ज्या इमारतीत तुमच्या बापाचे आयुष्य गेले, तीच हिशेबातून गेली!

आम्ही सोयाबीन पिकवणारे. आमच्या मालाचा भाव दुसराच ठरवतो, तुमच्या श्रमाचाही. म्हणून मागणी एकच: घरांचा वाटा ठरवताना त्या जमिनीवर किती पिढ्या राबल्या ते आधी मोजा, मग मालकाचे कागद बघू.