अत्र्यांमधला निर्माता

आचार्य अत्र्यांचं नाव निघालं की संयुक्त महाराष्ट्राच्या सभा आठवतात, ‘मराठा’चे अग्रलेख आठवतात, विनोद तर आठवतातच. चित्रपटांची पाळी शेवटी येते, तीही आली तर. हा त्यांच्यावर अन्याय आहे. आजीपासून नातवंडांपर्यंत सगळं घर एकत्र बसून पाहील असा ‘श्यामची आई’ त्यांनी स्वतः लिहिला, दिग्दर्शित केला, आणि निर्माताही तेच होते. यातली शेवटची गोष्ट मला सर्वांत मोलाची वाटते.

अत्रे मुळात शिक्षक. पुण्यात कॅम्पातल्या शाळेत त्यांनी मुलांना शिकवलं, लंडनला जाऊन अध्यापनशास्त्राचा अभ्यास केला, ‘नवयुग वाचनमाला’ उभी केली. चित्रपटात आले ते लेखक म्हणून. मास्टर विनायकांच्या ‘ब्रह्मचारी’ (1938) आणि ‘ब्रँडीची बाटली’ (1939) या चित्रपटांनी त्यांचा विनोद घरोघरी पोचवला. पुढे तेच लिहीत राहिले असते तरी कुणी तक्रार केली नसती.

1953 मध्ये त्यांनी हात घातला तो साने गुरुजींच्या ‘श्यामची आई’ या पुस्तकाला. गुरुजींना जाऊन तेव्हा तीन वर्षंही झाली नव्हती. पुस्तक रात्रीमागून रात्री सांगितलेल्या आठवणींचं. त्यात रचलेलं कथानक नाही, प्रेमप्रकरण नाही, आणि नायिका म्हणजे कर्जानं पिचलेल्या घरातली आजारी आई. पैसा दुसऱ्याचा असता तर पटकथेत काय काय घुसडायला लावलं असतं, याची कल्पना या धंद्यातल्या कुणालाही येईल. इथे लेखणी आणि तिजोरी एकाच हातात होती, म्हणून आई आईच राहिली. त्या भूमिकेसाठी त्यांनी निवडलं वनमालाबाईंना, सोहराब मोदींच्या ‘सिकंदर’मधल्या देखण्या नायिकेला! श्याम झाला छोटा माधव वझे. संगीत वसंत देसाईंचं.

आणि मुलांसाठी म्हणून अत्र्यांनी काही सौम्य केलं नाही. पोहायला घाबरून लपणाऱ्या श्यामला आई मारत मारत विहिरीवर पाठवते. त्याच्या ओल्या तळव्यांना माती लागू नये म्हणून आपलं लुगडं दगडावर पसरणारीही तीच. मार आणि माया एकाच बाईत आहेत, हे आठ-दहा वर्षांच्या मुलाला कळतं, असा त्या शिक्षकाचा विश्वास होता. सावकाराचा तगादा, घराला येणारी अवकळा, शेवटी आईचा मृत्यू, यातलं काहीही त्यांनी मुलांपासून लपवलं नाही. थिएटरात मुलं रडली, बाजूला बसलेले बापही रडले.

राष्ट्रीय पुरस्कारांच्या पहिल्याच वर्षी, 1954 मध्ये, सर्वोत्कृष्ट चित्रपटाचं राष्ट्रपतींचं सुवर्णपदक ‘श्यामची आई’ला मिळालं. त्या वर्षी बिमल रॉय यांच्या ‘दो बीघा जमीन’ला गुणवत्ता प्रमाणपत्रावर थांबावं लागलं. मराठीला हा पहिला मान पुन्हा मिळायला थेट ‘श्वास’ यावा लागला, म्हणजे अर्धं शतक गेलं. ‘श्वास’ही एका लहान मुलाचा आणि त्याच्या आजोबांचा. त्यातही मुलाच्या आजाराचं सत्य झाकलेलं नाही, आणि त्याच्याही निर्मितीत आजोबांची भूमिका करणारे अरुण नलावडे स्वतः उतरले होते. हा मला निव्वळ योगायोग वाटत नाही. ज्याला गोष्ट सांगायची आहे त्यानंच पैशाची जोखीम घेतली, की गोष्टीला परकं ठिगळ लागत नाही.

अत्र्यांनी लगेच ‘महात्मा फुले’ केला, बाबूराव पेंढारकरांना जोतिबांच्या भूमिकेत उभं केलं आणि त्यालाही राष्ट्रपतींचं रौप्यपदक मिळालं. पुढे संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्यानं त्यांना ओढून नेलं. महाराष्ट्राला त्या लढ्यात अत्रे हवेच होते, पण मराठी चित्रपटाचं तेव्हा झालेलं नुकसान आपण कधी मोजलंच नाही.

आज ‘सहकुटुंब पाहा’ असं जाहिरातीत छापलं की काम झालं, असं अनेकांना वाटतं. त्या चित्रपटांत लग्नाचा मांडव असतो, दागिने असतात, आणि मुलं असतात ती मांडवात पळण्यापुरती. पडद्यावरच्या मुलाला मन असावं आणि समोर बसलेल्या मुलाला अक्कल आहे असं धरून लिहावं, एवढी मागणी मराठी निर्मात्यांकडे करायला हवी. तशी पटकथा घेऊन येणाऱ्या लेखकाला नुसतं मानधन देऊ नये. त्याला निर्मितीत भागीदार करून घ्यावं.