मयत खातेदाराची ठेव व घरातील तंटे

शेतकरी कुटुंबातील कर्ता पुरुष निवर्तला म्हणजे जमिनीच्या वारस नोंदीसाठी तलाठ्याकडे खेपा सुरू होतात. परंतु सहकारी बँकेतील त्याच्या ठेवीचा विचार बहुधा तंटा उत्पन्न झाल्यावरच होतो. या तंट्यांचे मूळ पुष्कळदा लोभापेक्षा एका गैरसमजात असते, असे आमचे मत आहे. तो गैरसमज असा की, खात्यावर ज्याचे नामनिर्देशन झाले तोच त्या पैशाचा धनी झाला.

कायदा असे म्हणत नाही. नामनिर्देशिताच्या हाती रक्कम दिली म्हणजे बँक आपल्या जबाबदारीतून मोकळी होते, एवढेच. ती रक्कम वारसांची, अथवा मृत्युपत्र असल्यास त्यात लिहिलेल्यांची असते. बँकेतील ठेवीपुरता हा निर्णय सर्वोच्च न्यायालयाने २०१० सालीच दिला होता. पुढे 'कालनिर्णय'चे संस्थापक कै. जयंत साळगावकर यांच्या गुंतवणुकीवरून कुटुंबात वाद उपस्थित झाला. ते २०१३ साली वारले. शेअर व म्युच्युअल फंड यांनाही हेच तत्त्व लागू असल्याचा सर्वोच्च निर्णय १४ डिसेंबर २०२३ रोजी झाला. मृत्युपत्र होते, नामनिर्देशन होते, तरी दहा वर्षे गेली.

कोणी म्हणेल, वडिलांनी ज्याचे नाव लावले त्यालाच पैसा द्यावा, हा त्यांचा हेतू होता. तसा हेतू असेल तर त्यासाठी मृत्युपत्र करावयास पाहिजे. मृत्युपत्र नसल्यास हिंदू पुरुषाच्या स्वतःच्या मिळकतीत विधवा, आई, मुलगे व मुली यांना सारखाच वाटा १९५६ च्या उत्तराधिकार कायद्याने दिला आहे.

छत्रपती संभाजीनगरात क्रांती चौकालगतच्या रस्त्याचे नावच अदालत रोड आहे. पूर्वेस जालना रस्त्याने गेले की उच्च न्यायालयाचे खंडपीठ लागते. चार-दोन लाखांच्या ठेवीसाठी शेतकऱ्याने हे रस्ते तुडवण्याचे कारण नाही. रिझर्व्ह बँकेच्या सप्टेंबर २०२५ च्या निर्देशांप्रमाणे, नामनिर्देशन नसले तरी सहकारी बँकेतील पाच लाखांपर्यंतच्या दाव्यास न्यायालयाच्या उत्तराधिकार प्रमाणपत्राची गरज नाही. मृत्यूचा दाखला, वारसांविषयीचा दाखला अथवा कुटुंबास ओळखणाऱ्या त्रयस्थाचे निवेदन, दावेदाराचे हमीपत्र व इतर वारसांचे ना-हरकत पत्र एवढे पुरते. कागद पूर्ण झाल्यावर पंधरा दिवसांत दावा निकाली निघाला पाहिजे. मात्र वारसांत वाद उभा राहिला की ही सोय संपते.

म्हणजे तंटा मिटवण्याची किल्ली घरातच आहे. आणि अन्यायही तेथेच होतो. ना-हरकत पत्रावर बहिणीची सही दुखवट्याच्या दिवसांत, रक्कम किती हे न सांगता घेतली जाते. अशी सही म्हणजे संमती नव्हे. ती घेणारा भाऊ पुढील दाव्याचे बीज स्वतःच्या हाताने पेरीत असतो.

यास्तव आमची सूचना अशी आहे. मयताचे कार्ड वापरून कोणीही पैसे काढू नयेत. बँकेस मृत्यूची वर्दी द्यावी. आई व बहिणींसह सर्वांस बसवून पासबुके पुढे ठेवावी. पीककर्ज व इतर देणी प्रथम मांडावी, कारण मयताचे देणे त्याच्या मिळकतीतूनच फिटावयाचे असते. उरलेल्या रकमेचा वाटा लिहावा, आणि मगच सह्या घ्याव्या.

ज्यांस हे ओझे मुलांवर टाकावयाचे नाही त्यांनी हयातीतच व्यवस्था करावी. १ नोव्हेंबर २०२५ पासून ठेवीस चारपर्यंत नावे, प्रत्येकाचा हिस्सा नमूद करून, लावता येतात. विकास सोसायटीच्या भागाचे नामनिर्देशन निराळे असते, हेही विसरू नये. बांधाची खूण आपण शेजाऱ्यासमक्ष रोवतो. ठेवीची वाटणीही घरच्या माणसांसमक्ष सांगून ठेवण्यात कमीपणा कसला?